‘सिंदबाद’मधला नट लातिनोविच झोल्तान – कुणी पाहिलाय का?

शारदीय

गेल्या महिन्यात ‘सिंदबाद’ पाहिला आणि तेव्हापासून त्यातला नट डोक्यातून जात नाहीये. बोलायला जवळ कुणी नाही, म्हणून हा धागा.

चित्रपट हंगेरीचा, १९७१ चा, दिग्दर्शक हुसारिक झोल्तान. हा सिंदबाद म्हणजे अरबी गोष्टींतला खलाशी नव्हे. क्रूदी ज्यूला नावाच्या लेखकानं ते नाव उचलून आपल्या कथांमधल्या एका माणसाला दिलं. बायका, जेवणं, जुनी गावं आणि सरलेले हिवाळे यांच्या मागे जन्मभर भटकणारा हा माणूस. सुरुवातीला अगदी जवळून टिपलेल्या गोष्टी झपाझप येऊन जातात: उमलणारं फूल, निखारे, सुपावर तरंगणारे चरबीचे गोल थेंब. मग बर्फातून एक घोडागाडी येते. तीत सिंदबाद मरून पडलेला आणि घोडा आपला आपण वाट चालतोय. पुढचा सगळा चित्रपट म्हणजे त्या मेलेल्या माणसाचं आठवणं.

पण मला बोलायचंय ते जेवणाच्या प्रसंगाबद्दल. सिंदबाद एका खाणावळीत एकटाच बसलाय. वेन्देलिन नावाचा वाढपी शेजारी उभा राहून आपल्याबद्दल काहीबाही सांगतोय. वाफाळतं सूप येतं, भाजलेला पाव येतो, हाडाची नळी येते. तो नळीतला मगज पावावर काढतो आणि खातो. बस, एवढंच. भुकेला माणूस पुष्कळ नटांनी केलाय, पण चवीनं जेवणारा माणूस करणं फार कठीण, कारण तिथे घडत काहीच नसतं. नटाला धरायला काही नाही. लातिनोविच त्या नळीकडे ज्या नजरेनं पाहतो, तसं तो चित्रपटातल्या एकाही बाईकडे पाहत नाही. आणि तेवढ्यावरून हा माणूस कोण आहे ते कळतं.

मग त्याच्याबद्दल वाचायला घेतलं, तर पहिल्याच पानावर थबकले. त्याच्या आईचे वडील म्हणजे गुंडेल कारोय! बुडापेस्टच्या शहरउद्यानातलं प्रसिद्ध हॉटेल त्यांनी १९१० मध्ये चालवायला घेतलं आणि हंगेरियन स्वयंपाकाला युरोपात नाव मिळवून दिलं. १९४९ मध्ये सरकारनं ते हॉटेल ताब्यात घेतलं. म्हणजे ती नळी खाणारा माणूस त्या घरातला नातू.

थोडक्यात ओळख: जन्म ९ सप्टेंबर १९३१, बुडापेस्ट. अभिनयाच्या शाळेत कधीच गेला नाही. शिकला वास्तुशास्त्र, १९५६ मध्ये पदवी घेतली आणि त्याच वर्षी देब्रेत्सेनच्या नाट्यगृहात नट म्हणून रुजू झाला. ४ जून १९७६ ला गेला. वय ४४. सगळी कारकीर्द मिळून वीस वर्षांची. तिथे त्याला ‘नटांचा राजा’ म्हणतात.

इथे कुणी त्याचं आणखी काही पाहिलंय का? काय पाहावं, कुठून सुरुवात करावी, सांगा.

दूरदेशी

शारदीयताई, इथे हे नाव वाचून किती आनंद झाला काय सांगू! मी नऊ वर्षं बुडापेस्टला आहे, नोकरीनिमित्त.

आधी नावाचं सांगतो. हंगेरीत आडनाव आधी आणि नाव नंतर, आपल्या शाळेच्या हजेरीपटासारखं. त्यामुळे तुम्ही लिहिलंत तेच बरोबर, लातिनोविच झोल्तान. बाहेरच्या पुस्तकांत ते उलटं सापडेल. त्या पिढीत झोल्तान इतके की गोंधळ होतो: हुसारिक झोल्तान, फाब्री झोल्तान, वार्कोनी झोल्तान, सगळे दिग्दर्शक आणि तिघांबरोबर याचं काम.

घरातही कलाकारच. आईचं दुसरं लग्न झालं, त्या नात्यानं दोन सावत्र भाऊ. एक बुयतोर इश्तवान, तोही नट, इथल्या लोकांचा फार लाडका. दुसरा फ्रेनराइस कारोय, तो रॉक संगीतातला, लोकोमोतिव जीटी आणि श्कोर्पियो या गाजलेल्या बँडमधला. माझ्या ऑफिसातल्या पन्नाशीच्या सहकाऱ्यांना तिघंही सारखेच घरचे वाटतात.

आणि एक गंमत. आमच्या घरमालकीणबाई सत्तरीच्या पुढच्या आहेत. केक कापला की म्हणतात, “चार सारखे तुकडे.” सगळे हसतात. मला दोन वर्षं कळलं नव्हतं का हसतात. याचा चित्रपट ‘तोत कुटुंब’ पाहिल्यावर कळलं आणि मग हसू येईना. ज्यांनी पाहिलाय त्यांनी त्यावर लिहावं, मी सांगून टाकत नाही.

विंगेतला

छान धागा. मी हौशी रंगभूमीवर काम करतो, राज्य नाट्य स्पर्धेला दर वर्षी असतो, त्यामुळे पहिला प्रश्न नाटकाचा. वास्तुविशारद झालेला माणूस थेट व्यावसायिक नाट्यगृहात नट म्हणून लागतो कसा? आणि ‘रुजू झाला’ म्हणजे काय? आपल्याकडे नट नाइटवर काम करतो, प्रयोग झाला की पाकीट. तिथे नोकरी असते का?

शारदीय

विंगेतला, हो, नोकरीच. आणि त्याची सगळी गोष्ट या नोकरीभोवतीच फिरते.

हंगेरीत १९४९ मध्ये नाट्यगृहं सरकारी झाली. प्रत्येक नाट्यगृहाचा स्वतःचा नटसंच, नटांना महिन्याचा पगार, आणि आज एक नाटक, उद्या दुसरं, परवा तिसरं असा आलटून पालटून कार्यक्रम. कुठलं नाटक करायचं आणि कोण काय करणार, हे नाट्यगृहाचा संचालक ठरवतो. त्याच्यावर कम्युनिस्ट पक्षाचं सांस्कृतिक खातं. तिथे कलाकृतींचे तीन वर्ग होते. हंगेरियनमध्ये तिन्ही शब्द ‘ट’नं सुरू होतात. एक पाठिंबा दिलेल्या, दुसऱ्या खपवून घेतलेल्या, तिसऱ्या बंदी घातलेल्या. आत्सेल ज्यॉर्ज या पुढाऱ्याच्या हातात हा कारभार वर्षानुवर्षं होता. नटाच्या पोटापाण्याला धक्का नाही, पण आपली भूमिका आपण निवडायची सोय नाही.

लातिनोविच देब्रेत्सेनला गेला, मग मिश्कोल्त्सला, मग पुन्हा देब्रेत्सेनला. मिश्कोल्त्सला रुट्कई एवा पाहुणी नटी म्हणून आली होती. ती लहानपणापासून रंगभूमीवरची, तेव्हाच मोठं नाव झालेली. तिचा नवरा गाबोर मिक्लोश हाही पहिल्या प्रतीचा नट. पुढे ती लातिनोविचची झाली ती त्याच्या शेवटापर्यंत. लग्न केलं नाही. १९६२ मध्ये तो बुडापेस्टच्या वीगसीनहाझ नाट्यगृहात आला, तिथेच रुट्कई होती. दोघांनी रोमिओ-ज्युलिएट केलं, तेव्हा ती पस्तिशीची आणि तो तिशी ओलांडलेला. त्या प्रयोगांचं नाव लोक अजून काढतात.

पण टिकला नाही कुठेच. १९६६ मध्ये वीगसीनहाझ सोडलं, थालिया नाट्यगृहात गेला, मग तेही सोडून राजधानीबाहेर वेस्प्रेमला. तिथे त्याला दिग्दर्शनही करायला मिळालं. १९७३ मध्ये त्याचं रंगभूमीवरचं पुस्तक आलं. नावाचा अर्थ साधारण ‘धुकं टोचणारा’. त्याचं म्हणणं असं की नाटक हे पगारी कामासारखं उरकायचं नसतं. रोज संध्याकाळी जिवाच्या आकांतानं करायचं असतं. असं म्हणणारा माणूस सहकारी म्हणून किती अवघड असेल, कल्पना करा. तालमीत भांडायचा, उशिरा येणाऱ्यावर चिडायचा, संचालकांशी उघड वाद घालायचा. मला यात त्याचा दोष दिसत नाही असं नाही, पण त्या वीस वर्षांत त्यानं जे केलं ते या चिडीशिवाय झालं असतं असंही वाटत नाही.

अभय_को

विंगेतला म्हणतोय त्यावरून डॉ. लागू आठवले. तेही शाळेतून नट होऊन आले नाहीत, सर्जन होते.

शारदीय

अभय, आठवण स्वाभाविक आहे, पण तुलना फार ताणायला नको. डॉक्टरांनी चांगली चाललेली प्रॅक्टिस सोडली, निवड त्यांची होती. इथे मात्र हॉटेलवाल्यांचं ‘बूर्ज्वा’ घराणं, १९४९ नंतर असल्या घरातल्या मुलांना कॉलेजात शिरणंसुद्धा सोपं नव्हतं. हा आधी सुतारकाम शिकला, मग वास्तुशास्त्राला गेला. नाट्यशाळेचं दार याच्यासाठी उघडं नव्हतंच म्हणा ना.

अभय_को

मान्य. आता ‘चार सारखे तुकडे’ मी सांगतो, कारण ‘तोत कुटुंब’ मी तीनदा पाहिलाय. ज्यांना आधी कळायला नको असेल त्यांनी हा प्रतिसाद गाळून पुढे जावं.

मूळ नाटक अर्केन्य इश्तवान यांचं. १९६७ मध्ये थालियात पहिल्यांदा झालं, दिग्दर्शक कझिमिर कारोय, आणि मेजरच्या भूमिकेत लातिनोविच. दोन वर्षांनी फाब्री झोल्ताननं चित्रपट केला, तेव्हाही मेजर तोच. चित्रपटाच्या हंगेरियन नावाचा अर्थ ‘या, मेजरसाहेब!’

गोष्ट दुसऱ्या महायुद्धातली. डोंगरातलं एक शांत खेडं. तोत लायोश तिथला अग्निशमन दलाचा प्रमुख; डोक्यावर शिरस्त्राण, गावात मान. मुलगा रशियाच्या आघाडीवर. मुलाचं पत्र येतं की आमचे मेजर आजारी रजेवर आपल्याकडे राहायला येताहेत, त्यांची नीट बडदास्त ठेवा. मेजर खूश तर मुलगा सुखरूप. आई, बाप, बहीण जिवाचं रान करतात. मेजरला आवाज सहन होत नाही, वास सहन होत नाही. तोत आपल्या खांद्यावरून मागे काहीतरी बघतो असं त्याला वाटतं, तर तोतनं शिरस्त्राण डोळ्यांवर ओढून घ्यायचं. मायलेकी घरी पुठ्ठ्याचे खोके बनवायचं काम करत असतात. मेजर एकदा हात लावून बघतो आणि त्याला ते इतकं आवडतं की मग रात्ररात्र सगळ्यांनी बसून खोके करायचे. झोप नाही. तोत पळून शौचकूपात जाऊन बसतो.

आणि प्रेक्षकाला सुरुवातीपासून एक गोष्ट माहीत असते जी घरच्यांना नाही. मुलगा केव्हाच मेलाय. गावचा पोस्टमन तोत कुटुंबावर माया करतो, म्हणून वाईट बातमीचे कागद त्यांच्यापर्यंत पोचूच देत नाही.

शेवटी मेजर जातो, घर मोकळा श्वास घेतं, आणि गाडी रद्द झाली म्हणून मेजर परत येतो, आणखी तीन दिवसांसाठी! तोत त्याला बागेत पुठ्ठा कापायच्या मोठ्या यंत्राकडे नेतो. रात्री बायको विचारते, तीन तुकडे केलेत का? तोत म्हणतो, नाही, चार सारखे तुकडे केले.

आता लातिनोविचबद्दल. हा मेजर दुष्ट नाही. मधूनच किंचाळतो, दचकतो, पण पुढच्या क्षणी असा मऊ होतो की आपल्यालाच त्याची कीव येते. खोका नीट जमला की त्याचा चेहरा उजळतो, लहान मुलासारखा. शारदीयताईंनी नळीबद्दल लिहिलंय ना, तेच. या माणसाला खोके करण्यात खराखुरा आनंद होतोय, आणि त्या आनंदापायी तो एक घर मोडतोय. दुष्टपणा केला असता तर नाटक सोपं झालं असतं.

लेखकाबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. अर्केन्य ज्यू होते. त्यांना मजूर तुकडीत घालून रशियातल्या डॉन नदीच्या आघाडीवर पाठवलं होतं. १९४३ च्या जानेवारीत हंगेरीची दुसरी सेना तिथे धुळीला मिळाली. ते कैदेत पडले आणि १९४६ मध्ये घरी आले. ज्या मुलाचा मृत्यू कुणाला कळू दिला जात नाही तो मुलगा त्यांनी हवेतून काढलेला नाही.

सुमेधा

सगळ्यांचं वाचतेय. वेगळं मत मांडते, राग मानू नये.

‘सिंदबाद’ मी पाहिला आणि मला जड गेला. छायाचित्रण अप्रतिम, शारा शांदोर यांचं, त्याबद्दल दुमत नाही. पण त्यातल्या बायका म्हणजे फुलं, फळं, बर्फ यांच्याच रांगेत मांडलेल्या. एक आत्महत्या करते आणि चित्रपट तिच्यावरून पुढच्या आठवणीकडे सरकतो. शारदीयताई म्हणतात की नळीकडे तो बायकांपेक्षा जास्त प्रेमानं बघतो. मग अशा माणसाचे आपण दीड तास लाड का करायचे?

त्याच वर्षीचा, १९७१ चाच, ‘प्रेम’ नावाचा हंगेरियन चित्रपट बघा, दिग्दर्शक मक्क कारोय. राजकीय कैद्याची बायको अंथरुणाला खिळलेल्या सासूला सांगत राहते की तुमचा मुलगा अमेरिकेत सिनेमा काढतोय. पत्रंसुद्धा स्वतःच लिहिते. ती सून त्योरोचिक मारीनं केलीय. सासू डार्वाश लिली. त्यात दोन बायका एकमेकींना सांभाळून खोटं बोलतात आणि त्या खोट्यात जेवढी माया आहे तेवढी ‘सिंदबाद’च्या सगळ्या आठवणींत मिळून नाही. त्या चित्रपटाला कान महोत्सवात ज्युरींचं पारितोषिक मिळालं, आणि १९७६ मध्ये त्योरोचिकला तिथेच उत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. धागा हंगेरियन नटांचा असेल तर तिचं नाव यायला हवं.

शारदीय

सुमेधा, राग कसला. त्योरोचिकबद्दल शंभर टक्के. ‘प्रेम’मध्ये शेवटी तुरुंगातून सुटून येणारा नवरा म्हणजे डार्वाश इवान, तो १९५६ च्या सोव्हिएतविरोधी उठावानंतर स्वतः तुरुंगात जाऊन आलेला. घराच्या दारात तो ज्या पद्धतीनं उभा राहतो ते शिकवून येत नाही. आणि त्योरोचिक-लातिनोविच जोडीही होती बरं, १९५९ च्या ‘पायी स्वर्गाकडे’मध्ये.

‘सिंदबाद’बद्दल मात्र थोडं भांडते. लाड चित्रपट करत नाही असं मला वाटतं. पहिल्याच दृश्यात त्यानं त्याला मेलेला दाखवलाय, बेवारशी, कुठल्याही बाईनं घरात न घेतलेला. लातिनोविचचा चेहरा बघा, तो सुखात असतानाही दमलेला आहे. ज्या बायकांवरून चित्रपट पुढे सरकतो असं तुम्ही म्हणता, तिथे सरकतो तो सिंदबाद. तो थांबू शकत नाही, हाच त्याचा आजार. पण तुमचं म्हणणं मनात ठेवून पुन्हा बघेन. त्यातली एक भूमिका रुट्कईची आहे. त्या दोघांच्या दृश्यात मात्र तो थांबतो असं मला वाटलं होतं. तेही तपासते.

सुमेधा

रुट्कईचा प्रसंग, हो. ते मान्य. तिथे ती त्याला ओळखून असते आणि त्याला ते कळतं.

पाषाणकर_वाचक

मी बरीच वर्षं आधी पुण्यात चित्रपट रसास्वाद शिबिर केलं, तेव्हा यांचो मिक्लोशचा ‘राउंड-अप’ दाखवला होता. १८६९ सालचा काळ, गवताळ माळावरचा तुरुंग, काळ्या झग्यातले अधिकारी, आणि रोझा शांदोर या दरोडेखोराच्या टोळीतली माणसं कोणती हे शोधण्यासाठी कैद्यांनाच एकमेकांविरुद्ध वापरणं. त्यात लातिनोविच आहे हे या धाग्यामुळे कळलं! वेसेल्का नावाचा कैदी. भूमिका लहान. यांचोच्या चित्रपटात नटाला चेहरा खुलवायला जागाच नसते, माणसं बुद्धिबळाच्या सोंगट्यांसारखी हलतात. तरी तो लक्षात राहिला होता, नाव माहीत नसताना.

१९६६ चा ‘थंडीचे दिवस’ नंतर मिळवून पाहिला. १९४२ च्या जानेवारीत हंगेरियन सैन्यानं नोवी सादला हजारो सर्ब आणि ज्यू लोकांना मारलं, प्रेतं डॅन्यूबच्या बर्फाखाली ढकलली. चित्रपटात युद्धानंतर एका कोठडीत चौघं सैनिक बसलेत, चौकशीची वाट बघत, आणि प्रत्येक जण सांगतोय की माझा तसा काही हात नव्हता. लातिनोविच मेजर ब्युकी. त्याची बायको त्या तीन दिवसांत नाहीशी झाली, आणि तिचं काय झालं ते त्याला शेजारच्याच्या बोलण्यातून उमगतं. इतरांच्या बायका मेल्या तेव्हा तो अधिकारी होता, नियम सांगत होता. स्वतःची म्हटल्यावर जनावरासारखा झडप घालतो. नियमाचा माणूस फुटताना बघणं भयंकर आहे. आपल्याच सैन्याचं पाप पडद्यावर आणायला १९६६ मध्ये धैर्य लागलं असणार.

विंगेतला

या धाग्यामुळे मी ‘पाचवी मोहोर’ पाहिला, फाब्रीचा, १९७६ चा. दोन दिवस कामात लक्ष लागलं नाही. अभिनयाच्या अंगानं लिहितो.

१९४४ चं बुडापेस्ट, हंगेरियन नाझींचं राज्य. चार मित्र गुत्त्यात बसून गप्पा मारताहेत. त्यांतला घड्याळजी ज्युरित्सा एक प्रश्न टाकतो: पुढच्या जन्मी काय व्हायचं, ज्याला आपल्या क्रौर्याची कधी बोच लागत नाही असा जुलमी राजा, की सगळे हाल सोसणारा पण आपण निर्दोष आहोत या समाधानात जगणारा गुलाम? पुढे चुगली होते, चौघंही पकडले जातात. लातिनोविच येतो तो शेवटच्या भागात, साध्या कपड्यांतला अधिकारी म्हणून.

खलनायक म्हटला की आपण आवाज लावतो. भुवया, पॉज, टाळीचं वाक्य. हा माणूस तसलं काही करत नाही. एका तरुण अधिकाऱ्याला तो समजावून सांगतोय की यांना मारून उपयोग नाही, यांना स्वतःचीच किळस यायला हवी. बोलतो कसा, तर एखादे मास्तर हुशार विद्यार्थ्याला गणित समजावतात तसा. खर्जातला आवाज, एकही शब्द ढकललेला नाही. समजावण्याचा त्याला आनंद होतोय! अभयनं खोक्यांबद्दल लिहिलं तेच इथे पुन्हा. मला वाटतं या नटाची किल्ली हीच असावी: भूमिका हातात आली की हा माणूस कशात रमतो, हे तो आधी शोधतो. जेवणात, खोक्यात, शिकवण्यात. भीती, क्रौर्य, करुणा हे सगळं त्यामागून आपोआप येतं.

मग छळून अर्धमेला केलेला एक माणूस समोर आणतात आणि चौघांना सांगतात, याला दोन थपडा मारा आणि घरी जा. तिघांच्यानं होत नाही. ज्युरित्सा मारतो. त्याच्या घरी लपवलेली लहान मुलं आहेत, हे आपल्याला माहीत असतं. ओझे लायोशनं तो ज्युरित्सा असा केलाय की त्याच्यावर वेगळा धागा काढावा.

दूरदेशी

विंगेतला, पुढचं तुम्हाला माहीत असेल. ‘पाचवी मोहोर’ लोकांसमोर आला तेव्हा लातिनोविच हयात नव्हता. पुढच्या वर्षी मॉस्कोच्या महोत्सवात चित्रपटाला सुवर्ण पारितोषिक मिळालं.

एक गोष्ट राहिलीय, त्याचं काव्यवाचन. इथे अनेकांना तो आधी आवाज म्हणून माहीत असतो. ऑदी एन्द्रे, योझेफ ऑतिल्ला यांच्या कविता त्यानं ध्वनिमुद्रित केल्यात. माझं हंगेरियन कामापुरतंच आहे, कविता पूर्ण कळत नाही. पण हंगेरियनमध्ये जोर कायम शब्दाच्या पहिल्या अक्षरावर पडतो. सुमार वाचणाऱ्याच्या तोंडी ते ठोकल्यासारखं वाटतं. तो वाचतो तेव्हा ठोका ऐकूच येत नाही, ओळ एका श्वासात वाहते आणि मधेच एका शब्दाशी अडते, आणि तोच शब्द नेमका महत्त्वाचा असतो.

सुमेधा

त्याचा मृत्यू कसा झाला? कुठे अपघात वाचलं, कुठे दुसरंच.

दूरदेशी

बालातोनसेमेश नावाच्या गावी, रेल्वेखाली. बालातोन सरोवराच्या दक्षिण काठावर. तेव्हा अधिकृतपणे आत्महत्या म्हटलं गेलं. अपघात होता असं मानणारे तेव्हाही होते आणि आजही आहेत. इथे हा वाद संपलेला नाही, त्यामुळे मी कुठलीच बाजू घेत नाही.

तिथून जवळचंच स्टेशन बालातोनसारसो. तिथे १९३७ मध्ये योझेफ ऑतिल्ला मालगाडीखाली गेला होता, त्याच लोहमार्गावर. ज्या कवीच्या कविता यानं जन्मभर म्हटल्या, तो. हंगेरियन माणूस ही दोन गावांची नावं एकत्र उच्चारत नाही, गप्प होतो.

मागच्या रविवारी मी गेलो. बुडापेस्टच्या देली स्टेशनवरून गाडी सुटते, नंतर बराच वेळ सरोवर खिडकीला लागून राहतं, हिरवट-दुधी रंगाचं. सारसोला गाडी थांबली, सायकलवाली मुलं चढली. थोडं पुढे सेमेश. त्याची कबर तिथल्याच दफनभूमीत आहे. गावात त्याच्या नावाचं छोटं संग्रहालयही आहे. कबरीजवळ दोन मेणबत्त्या लावलेल्या होत्या आणि एक चॉकलेटचा कागद दगडाखाली दुमडून ठेवलेला. कुणी ठेवला, का ठेवला, ठाऊक नाही. मी जरा वेळ बसलो आणि दुपारच्या गाडीनं परत आलो.

सरकारचं सांगायचं तर जिवंतपणी यासाइ मारी पारितोषिक १९६६ मध्ये मिळालं होतं. सर्वोच्च कोशुत पारितोषिक मिळालं ते १९८९ मध्ये, जाऊन तेरा वर्षं झाल्यावर आणि राजवट बदलत असताना.

पाषाणकर_वाचक

दूरदेशी, धन्यवाद. आणखी एक जोडतो: ‘माझ्या कवटीभोवतीचा प्रवास’, १९७०. करिंती फ्रिज्येश या विनोदी लेखकाला मेंदूत गाठ झाली, १९३६ मध्ये स्टॉकहोमला शस्त्रक्रिया झाली, त्यावर त्यानं पुस्तक लिहिलं. चित्रपटात करिंती झालाय लातिनोविच, आणि त्याबद्दल सान सेबास्तियनच्या चित्रपट महोत्सवात अभिनयाचं पारितोषिक मिळालं. कुणाला उपशीर्षकांसह मिळाला तर इथे जरूर कळवा.

शारदीय

सुमेधा, ‘सिंदबाद’ पुन्हा पाहिला. आत्महत्येच्या प्रसंगाबद्दल तुमचं बरोबर होतं. मी पहिल्यांदा तो त्याच्या डोळ्यांनी पाहिला होता. या वेळी मुलीकडे बघत राहिले आणि प्रसंग फारच तोकडा वाटला. रुट्कईबद्दल माझं मत कायम.

विंगेतला

आमच्या ग्रुपवर ‘तोत कुटुंब’ची गोष्ट सांगितली, तर सगळे म्हणाले एकदा करून तर बघू. संहिता नाही, हक्क नाहीत, प्रयोगाचा विचारही नाही; निव्वळ तालमीतला व्यायाम. मिठाईवाल्याकडून चपटे खोके आणले, घड्या पाडून उभे करायचे असतात ते. तास लावला. पाच जणांनी न बोलता खोके करायचे, मेजरनं अधूनमधून कौतुक करायचं, कुणी जांभई द्यायची नाही.

वीस मिनिटांनी हसू थांबलं. पाऊण तासानं तोत करणाऱ्याचे हात आपोआप चालायला लागले, त्याला थांब म्हटलं तरी दोन खोके जास्त झाले. आई करणारी मुलगी मेजरकडे बघेना.

मेजर करणारा पोरगा चांगला आहे, पण त्याला अजून दुष्टच व्हायचंय. खोका बिघडला की डोळे वटारतो, जमला की सोडून देतो. त्याला सांगितलंय, बिघडलेल्याकडे बघूच नकोस, जमलेला खोका हातात घेऊन नीट बघ. गुरुवारी पुन्हा बसतोय. खोके शंभर उरलेत.